साक्षीदाराला लपवायचं तरी कुठं?

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या पुरवणीत परदेशी मालिकांवर बरंच छापून येतं, पण ‘इन प्लेन साइट’बद्दल काही वाचल्याचं आठवत नाही. अमेरिकेत २००८ ते २०१२ या काळात तिचे पाच हंगाम झाले. नायिका मेरी शॅनन (मेरी मॅकॉर्मॅकनं झकास वठवली आहे) न्यू मेक्सिकोतल्या अल्बुकर्की शहरात फेडरल मार्शल, म्हणजे तिथल्या केंद्र सरकारची पोलीस अधिकारी. साक्षीमुळे ज्यांच्या जिवावर बेतलंय त्यांना नवं नाव, नवं घर, नवा रोजगार देऊन सांभाळायचं, हे तिचं काम. बाई तोंडाची फटकळ. बाप बँका लुटणारा, तिच्या लहानपणीच परागंदा झालेला. आई दारूत, बहीण नसती लफडी घरात आणणारी. आणि दुसऱ्यांचे मोडके संसार मांडून देणाऱ्या मेरीला आपण नेमकं काय करतो हे घरी सांगायची सोय नाही. आपल्या मालिकांत सोसणारी नायिका म्हटली की टिपं गाळणं आलंच. ही चिडते, उलट बोलते, चुकतेही. तिच्या ताब्यातले साक्षीदार बऱ्याचदा स्वतःच गुंड असतात आणि तिला त्यांचा फुकटचा पुळका नसतो, हे तर मला फारच पटलं.

मी इथं बेळगावात वकिलांच्या हाताखाली कारकुनी करतो, त्यामुळे माझं लक्ष शेवटी साक्षीदारांकडेच जातं. पुकारा होईपर्यंत साक्षीदार व्हरांड्यातल्या ज्या बाकावर बसतो, त्याच बाकाच्या दुसऱ्या टोकाला आरोपीचा भाऊ टेकलेला असतो. दोघं खानापूरहून एकाच गाडीनं आलेले. भाऊ एवढंच विचारतो, “काय वं, बरं हाय न्हवं? पोरगी यंदा कॉलेजला न्हवं?” पोलिसांत लिहून द्यावं असं त्यात काहीच नसतं. पण साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहतो तेव्हा त्याला काही म्हणता काही आठवत नाही. सरकारी वकील त्याला फितूर जाहीर करून उलटतपासणी घेतात आणि खटला तिथंच निम्मा बसतो.

आपल्याकडे कायदा नाही असं नाही. ५ डिसेंबर २०१८ रोजी महेंद्र चावला खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं साक्षीदार संरक्षण योजना देशभर लागू केली. आसाराम प्रकरणातल्या साक्षीदारांवर झालेल्या हल्ल्यांमुळे हा विषय तिथवर गेला होता. गुन्हा जिथं घडला त्या जिल्ह्यात अर्ज करायचा. त्यावर निर्णय घेणाऱ्या समितीचे अध्यक्ष जिल्हा व सत्र न्यायाधीश. धोका किती याचा अहवाल पोलिसांनी द्यायचा. आरोपीशी समोरासमोर गाठ पडू न देणं, कोर्टात ने-आण करणं, घरावर कॅमेरे, फार झालं तर ओळख बदलून दुसरीकडे हलवणं, सगळं त्यात आहे. आता जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेनंही प्रत्येक राज्यानं अशी योजना जाहीर करावी असं बंधन घातलंय. पण त्या बाकावर बसलेल्या माणसाला असा अर्ज असतो हे कुणी सांगितलेलंच नसतं.

ओळख बदलण्याचं म्हणाल तर अल्बुकर्कीत ते जमतं, आमच्या भागात मला तरी अवघड दिसतं. बेळगावचा माणूस निपाणीला नेऊन ठेवा की सीमा ओलांडून चंदगड-गडहिंग्लजला, पहिल्याच लग्नाच्या पंगतीत शेजारचा विचारणार, “तुम्ही कुठल्या गावचे? आडनाव काय? मामा कुठले?” तिसऱ्या प्रश्नाला भावकी निघते आणि संध्याकाळपर्यंत गावात फोन. शिवाय खटला कर्नाटकात आणि जिवाला भिऊन बाई माहेरी महाराष्ट्रात गेली, तर दारात शिपाई कुणी उभा करायचा, बेळगावच्या पोलिसांनी की कोल्हापूरच्या? आमच्याकडे निम्म्या सोयरिकी सीमेपलीकडच्या, तेव्हा हा प्रश्न काल्पनिक नाही. दोन्ही जिल्ह्यांच्या पोलिसप्रमुखांनी एकदा बसून ते ठरवावं.

लपवणं जमत नसेल तर निदान साक्षीदाराला बसायला वेगळी खोली द्या, आणि साक्ष सुरू झाली की पुढची तारीख न देता त्याच दिवशी पुरी करून घ्या. समन्सच्या मागच्या बाजूला योजनेच्या अर्जाची माहिती कन्नड आणि मराठीत छापायला तर शाईपलीकडे खर्च नाही. तोवर ती माहिती आपल्या अंकात एकदा चौकट करून छापाल का?

आपला,
एक वाचक, शहापूर, बेळगाव
(नाव छापू नये ही विनंती.)