घाटात पुढे राहून वाट दाखवणाऱ्या ताईंना

ताई,
सप्रेम नमस्कार.

त्या रात्री गेममधल्या कॉन्व्हॉयमधून, म्हणजे एकत्र ट्रक चालवणाऱ्या खेळाडूंच्या ताफ्यातून, घाईत बाहेर पडलो आणि तुमचे आभार मानायचे राहून गेले. तेव्हापासून मनाला रुखरुख आहे.

'अमेरिकन ट्रक सिम्युलेटर' या ट्रक चालवण्याच्या कॉम्प्युटर गेममध्ये कोलोरॅडो राज्याचा नकाशा २०२० साली आला. तुम्ही तो कधीच पालथा घातलाय, मी मात्र तिथे अगदी नवखा. जीपीएसच्या रेघेवर नजर ठेवून माल वेळेत पोचवायचा, नकाशावरचा करडा रस्ता पिवळा झाला की पुढचा धरायचा, एवढंच मला ठाऊक. माँट्रोझहून दुरँगोला जाणाऱ्या यूएस ५५० या घाटाच्या महामार्गावर मात्र दोनदा हात टेकले. एकदा उतारावर वेग आवरेना आणि ट्रेलर उलटला. दुसऱ्यांदा ब्रेक दाबून दाबून ब्रेकमधल्या हवेचा दाब इतका उतरला की गाडी जागच्या जागी जाम झाली.

मी मदत मागितली तेव्हा दोन ओळींत उपाय सांगून तुम्ही मोकळ्या झाला असतात तरी चाललं असतं. पण तुम्ही हातातली खेप सोडून माँट्रोझला आलात आणि माझ्या पुढे लागलात.

युरे गाव मागे पडलं आणि चढ सुरू झाला. तुमचे मागचे लाल दिवे वळणाआड जात होते, पुन्हा दिसत होते. दक्षिणेकडे जाताना दरी उजव्या हाताला, आपल्याच बाजूला. उजव्या आरशात पाहिलं तर ५३ फुटी ट्रेलरची मागची चाकं पांढऱ्या पट्ट्याला चिकटलेली, आणि पट्ट्यापलीकडे काहीच नाही. कठडासुद्धा नाही! खऱ्या रस्त्यावरही तिथे बराच भाग असाच आहे. हिवाळ्यात बर्फ हटवणाऱ्या गाड्यांना तो थेट दरीत लोटता यावा म्हणून, हे तुम्हीच नंतर सांगितलंत. १८८०च्या दशकात रस्ते बांधणारे ऑटो मियर्स यांनी इथून टोलचा रस्ता काढला, हेही.

रेड माउंटन पास, ११,०१८ फूट. माथ्यावर तुम्ही थांबलात. "ज्या गिअरमध्ये चढलात त्याच गिअरमध्ये उतरा. उतार लागायच्या आधीच इंजिन ब्रेक लावा, म्हणजे इंजिनच वेग आवरेल. पायाचा ब्रेक एकदाच, घट्ट दाबा. वेग उतरला की सोडून द्या." मी तसंच केलं. दाबाचा काटा हलला नाही. सिल्व्हर्टनपर्यंत मी पहिल्यांदाच रस्त्याऐवजी डोंगर बघत होतो.

पण ताई, सगळ्यात जास्त आभार मानायचे ते तुम्ही जे सांगितलं नाहीत त्याचे. धोक्याचं प्रत्येक वळण तुम्ही आधी सांगत होतात. वळणापलीकडे काय दिसणार, ते मात्र एकदाही नाही. लाल मातीचे ते डोंगर अचानक समोर आले तेव्हा हेडफोनमध्ये तुम्ही अगदी गप्प होतात. मी बाजूला गाडी घेऊन किती वेळ थांबलो, तेही विचारलं नाहीत. नवा प्रदेश दाखवणारे बरेच भेटतात, तो आपला आपल्याला पाहू देणारं माणूस मला पहिल्यांदा भेटलं.

माल उशिरा पोचला, थोडे पैसे कापले गेले. त्याचं काहीच वाटलं नाही.

आता दुरँगोहून उलटं, वर माँट्रोझकडे जायचंय. तिकडून काय दिसतं ते सांगू नका. कधी निघायचं तेवढं कळवा.

आपला,
तुमच्या मागच्या ट्रकमधला