व्हिडिओ लायब्ररीवाल्या काकांना, सामरीबद्दल मनापासून थँक्यू

काका, नमस्कार. तुम्ही मोबाईल फारसा बघत नाही, पण ताई वाचून दाखवेल म्हणून इथेच लिहितोय.

नाटकात नवीन होतो तेव्हा उंची आणि चेहऱ्यावरून फार ऐकून घ्यायचो, हा हिरोच्या मागेसुद्धा उभा करता येत नाही म्हणायचे, आणि मी सोडायच्याच विचारात होतो. तुम्ही काउंटरखालून 'पुराना मंदिर' या भुताच्या हिंदी पिक्चरची कॅसेट काढलीत आणि म्हणालात, भूत बघू नको, भुताचं काम करणारा माणूस बघ.

तो माणूस म्हणजे अनिरुद्ध अगरवाल, काही ठिकाणी नाव अजय अगरवाल असं येतं. रुरकीला सिव्हिल इंजिनिअरिंग शिकलेला! १९८४ साली भुताचे पिक्चर काढणाऱ्या रामसे भावांनी त्याला सामरी, म्हणजे या पिक्चरमधला राक्षस, केलं. रामसेंचं सगळं घरातल्या घरात, तुलसी-श्याम डायरेक्शनला, गंगू कॅमेऱ्यावर, किरण साऊंडला, पैसा कमी, स्टार नाहीत, त्यामुळे भीती घालायचं सगळं ओझं या एका माणसाच्या अंगावर. तुम्ही रिवाइंड करून करून दाखवलंत ना, शाप देताना तो कसा उभा राहतो ते, घाई नाही, हातवारे नाहीत, मान जराशी खाली आणि नजर वर, बास. अर्धा पिक्चर त्याचं मुंडकं पेटीत आणि धड दुसरीकडे, तरी प्रत्येक सीनमध्ये तोच आहे असं वाटतं. हे नुसत्या मेकअपचं काम नाही काका, हा अभिनय आहे, आणि याला कोणी अभिनय म्हणत नाही याचा मला आजही राग येतो.

पुढे १९९० ला 'बंद दरवाजा'तला नेवला. १९९४ ला तर 'बँडिट क्वीन'मधला बाबू गुज्जर, आणि त्याच वर्षी डिस्नेच्या 'जंगल बुक'मध्ये तबाकी. म्हणजे भुताच्या पिक्चरमधून माणूस कुठपर्यंत गेला बघा, तरी रस्त्यात दिसला तर लोक सामरीच म्हणणार.

मी आज सिरियलमध्ये गुंड, वॉचमन, कधी नुसता दारात उभा राहणारा माणूस करतो, आणि प्रत्येक वेळी कसं उभं राहायचं याचा आधी विचार करतो. हे तुमच्यामुळे. त्या कॅसेटचं भाडं तुम्ही कधी घेतलं नाहीत, तेव्हा आभार मानायचं पण सुचलं नव्हतं.

'बंद दरवाजा'ची कॅसेट अजून असेल तर भंगारात देऊ नका, दिवाळीला मिरजेला येतोय, घेऊन जाईन.