हप्ता हलका, व्याज जड

‘मुदत वाढवा, हप्ता हलका करा’ हा आपल्या अर्थ पुरवणीतील गृहकर्जाविषयीचा सल्ला अर्धवट आहे. साडेआठ टक्के दराने एक लाखाचा मासिक हप्ता २० वर्षांसाठी ८६८ रुपये, तर ३० वर्षांसाठी ७६९ रुपये बसतो. महिन्याला ९९ रुपये वाचतात खरे, पण एकूण व्याज १ लाख ८ हजारांवरून १ लाख ७७ हजारांवर जाते! २० वर्षांच्या कर्जातही पहिल्या हप्त्यातले ७०८ रुपये व्याजाचेच असतात आणि निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. दरवर्षी एक जादा हप्ता थेट मुद्दलात भरला, तर हेच कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी संपते. मात्र तो भरताना ‘हप्ता तोच, मुदत कमी’ असे लेखी द्यावे.