धरणाचा तपासणी अहवाल ग्रामसभेत वाचावा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

आमच्या प्रवरा नदीवरचे भंडारदरा धरण १९२६ मध्ये पूर्ण झाले. सुमारे ८२ मीटर उंचीच्या या दगडी भिंतीला १९६९ मध्ये तडे आढळले, तेव्हा मागून आधारभिंती बांधून तिला बळकटी देण्यात आली आणि धरण आजही उभे आहे. याउलट चिपळूण तालुक्यातील मातीचे तिवरे धरण विशी गाठण्याआधीच २ जुलै २०१९ च्या रात्री फुटले आणि वीसहून अधिक माणसे वाहून गेली. गळती होत असल्याचे ग्रामस्थांनी आधीच कळवले होते, हे विसरता येत नाही.

मातीच्या धरणाचा धोका ओळखायला नेहमीच मोठे यंत्र लागते असे नाही. पायथ्याशी झिरपणारे पाणी स्वच्छ असेल आणि वाढत नसेल तर त्यावर नुसती नजर ठेवणे पुरते. पण तेच पाणी गढूळ येऊ लागले, तर भरावातली माती आतून वाहून जात आहे असे समजावे. भिंतीवर वाढलेल्या बाभळी, उंदीर-घुशींची बिळे, निखळलेले दगडी पिचिंग (भरावाच्या उतारावरचे दगडी अस्तर), झुडपांनी अडलेला सांडवा ही लक्षणे तिथे रोज गुरे चारणाऱ्याला अभियंत्याच्या आधी दिसतात. दरवाजांचे मात्र तसे नाही. ऑगस्ट २०२४ मध्ये तुंगभद्रा धरणाचा एकोणिसावा दरवाजा साखळी तुटून वाहून गेला, आणि अशी झीज तज्ज्ञाच्या तपासणीशिवाय कळणे अवघड.

धरण सुरक्षा कायदा, २०२१ नुसार मोठ्या धरणांची पावसाळ्यापूर्वी आणि पावसाळ्यानंतर तपासणी बंधनकारक आहे. जुन्या धरणांचे सर्वंकष मूल्यमापन आणि आपत्कालीन कृती आराखडा यांसाठी दिलेली पाच वर्षांची मुदत डिसेंबर २०२६ मध्ये संपते. दहा मीटरपेक्षा कमी उंचीचे पाझर तलाव आणि गावतलाव या कायद्याच्या कक्षेतच येत नाहीत, वास्तविक त्यांच्याही खाली वस्त्या आहेत.

माझी जलसंपदा विभागाला कळकळीची विनंती आहे की, पावसाळ्यापूर्वीचा तपासणी अहवाल धरणाखालच्या प्रत्येक गावाच्या ग्रामसभेत सोप्या मराठीत वाचून दाखवावा, कोणती दुरुस्ती बाकी आहे आणि ती कधी होणार हे त्यात स्पष्ट लिहावे, आणि गळतीची तक्रार करणाऱ्या ग्रामस्थाला त्याची लेखी पोच द्यावी.

– एक वाचक, संगमनेर