छायालेखकाचे नावही छापा

मा. संपादक,
स. न.

आपल्या चित्रपट-परीक्षणांत कलाकार, दिग्दर्शक, संगीतकार यांची नावे असतात. छायालेखकाचे, म्हणजे कॅमेऱ्याने चित्रपट टिपणाऱ्याचे, मात्र क्वचितच. त्र्यंबकेश्वरात जन्मलेल्या फाळक्यांच्या जिल्ह्यात हे जास्तच खटकते. त्यांच्या घरी पत्नी सरस्वतीबाईसुद्धा फिल्मला भोके पाडत, ती धूत.

इंडोनेशियाचे छायालेखक यादी सुगांदी यांचे उदाहरण पाहा. 'पासिर बर्बिसिक' (२००१) आणि 'लास्कर पेलांगी' (२००८) यांचे छायालेखन त्यांचे. २००९ मध्ये 'मेराह पुतिह' हा स्वातंत्र्ययुद्धावरचा चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केला. तरी आमच्या मते त्यांचे मोठे काम 'पासिर बर्बिसिक'च.

'पासिर बर्बिसिक' म्हणजे कुजबुजणारी वाळू. ती पूर्व जावातल्या ब्रोमो ज्वालामुखीजवळची, काळसर. अशा जागी उजेड मोजतानाच पहिली चूक होते. परावर्तित प्रकाशाचा मीटर समोर दिसेल ते मध्यम राखाडी धरून चालतो. काळ्या वाळूवर रोखला, की साधारण दोन स्टॉप (म्हणजे चौपट प्रकाश) जास्त एक्सपोजर सांगतो. ते ऐकले तर वाळू राखाडी आणि चेहरा पांढराफटक. म्हणून इन्सिडंट मीटर, म्हणजे पडणारा उजेड मोजणारा, चेहऱ्याजवळ धरायचा, पांढरा घुमट कॅमेऱ्याकडे करून.

दुसरा धोका वाळूच्या कणाचा. ३५ मिमीचा ४०० फुटी रोल जेमतेम साडेचार मिनिटे चालतो, त्यामुळे मॅगझिन (कॅमेऱ्याचा फिल्मचा डबा) सारखे बदलावे लागते, तेही वाऱ्यात. एक कण गेटमध्ये (फिल्मवर उजेड पडतो त्या चौकटीत) अडकला, की निगेटिव्हवर उभी रेघ. कळते लॅबमधून रोल आल्यावर, तोवर कलाकार घरी गेलेले असतात. गेट बॅटरीच्या उजेडात वरचेवर तपासायचे आणि कण लाकडी काडीने काढायचा. धातूचे टोक लावले तर गेटलाच चरा पडतो, मग तो चराच पुढची फिल्म खरवडतो.

आता फिल्म क्वचितच वापरतात, पण मीटरची चूक तीच आहे. नाशिकच्या चित्रपट-कार्यशाळांनी मुलांना अंजनेरीच्या काळ्या कातळापुढे उभे करावे. एकच चेहरा, एकच जागा आणि दोन शॉट: एक कातळावर मीटर रोखून, दुसरा चेहऱ्याजवळ धरून. दोन्ही शेजारी लावून दाखवावेत.

आपण मात्र येत्या परीक्षणापासूनच दिग्दर्शकाच्या नावाखाली एक ओळ वाढवावी.

आपले,
छायालेखनाचे काही अभ्यासक, नाशिक