संगमरवराला हात कोणाचा लागतो

वॉशिंग्टन

चि. ओंकार यास काकाचे अनेक आशीर्वाद.

एकोणिसाव्या शतकातले अमेरिकन शिल्पकार संगमरवर स्वतः घडवायचे का, असं तू विचारलंस. बहुतेक जण नाही. ते माती घडवायचे, दगड इटालियन कारागीर घडवायचे. यात लपवाछपवी नव्हती, धंद्याची रीतच तशी होती. मूर्तीलायक पांढरा दगड, पिढीजात दगडकाम करणारे हात आणि विवस्त्र उभे राहायला तयार असलेले मॉडेल हे सगळं फ्लोरेन्सला आणि रोमला एका जागी मिळायचं, तेही कमी मजुरीत. म्हणून होरेशियो ग्रीनो, हायरम पॉवर्स, हॅरिएट हॉस्मर, एडमोनिया लुईस असे सगळे तिकडे गेले.

तुला सगळ्यात जवळचा वाटेल तो पॉवर्स. अमेरिकेतल्या सिनसिनाटी शहरात घड्याळं आणि ऑर्गन बनवणाऱ्या कारखान्यात त्याचा हात बसला, मग तिथल्या संग्रहालयासाठी त्याने मेणाचे पुतळे केले. १८३७ साली फ्लोरेन्सला गेला तो कायमचाच. ‘ग्रीक स्लेव्ह’ ही त्याची गाजलेली मूर्ती. साखळीने बांधलेली, विकायला उभी केलेली ग्रीक मुलगी. पूर्ण मापाच्या सहा संगमरवरी प्रती निघाल्या. सगळ्यांचं मूळ एकच, १८४३ चं प्लास्टर, आणि ते आज इथे वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन या संग्रहालय-संस्थेच्या संग्रहात आहे. त्याच्या अंगभर धातूच्या बारीक टाचण्या रोवलेल्या आहेत. त्या टाचण्या कळल्या की सगळी पद्धत कळते.

पहिली पायरी माती. पुरुषभर उंचीच्या मूर्तीसाठी मधोमध लोखंडी कांब आणि तिच्या फांद्या. त्यांना तारेने छोट्या लाकडी फुल्या टांगायच्या. ओली माती स्वतःच्या वजनाने खाली घसरते, ती या फुल्या धरून ठेवतात. फुल्या कमी पडल्या तर मांडी, पोट हळूहळू उतरतं आणि सकाळी मूर्ती जरा बुटकी दिसते. काम महिनोन्महिने चालायचं, तेवढा वेळ ओली फडकी गुंडाळायची.

मग प्लास्टर. साचा एकदाच वापरायचा. पहिला थर पातळ आणि मुद्दाम रंग घातलेला, त्यावर जाड पांढरा थर आणि लोखंडी पट्ट्या. आतली माती खरवडून काढायची, साचा धुऊन साबण-तेल लावायचं, नवं प्लास्टर ओतायचं आणि छिन्नीने साचा फोडायचा. रंगीत थर दिसला की मूर्तीचं अंग जवळ आलं, हात हलका करायचा. साबण कुठे राहून गेला तर साचा तिथेच चिकटतो, नाक-बोटं त्याच्याबरोबर जातात. पॉवर्स पुढे मातीला फाटा देऊन थेट प्लास्टरवरच काम करू लागला. प्लास्टरचा भुगा कानशीत अडकून ती गुळगुळीत होते हे तुला माहीतच आहे. त्याने कानशीला आरपार भोकं पाडली, भुगा त्यातून गळून जातो. घड्याळाच्या कारखान्यातला माणूस तो!

आता टाचण्या. प्लास्टरवर तीन पक्के बिंदू ठरवायचे आणि दगडावर त्यांच्या जोडीचे तीन. पॉइंटिंग मशीन म्हणजे लाकडी किंवा धातूची चौकट, ती या तीन बिंदूंवर टेकते. तिला सांध्यांचा हात आणि हातात मागेपुढे सरकणारी सळी. सळीचं टोक टाचणीला टेकवायचं, अडसर घट्ट करायचा, चौकट उचलून दगडावर लावायची आणि सळी अडसराला लागेपर्यंत त्या जागी भोक पाडत जायचं. असे शेकडो, हजारो बिंदू. मधला दगड मग छिन्नीने काढायचा. भोक नेहमी एखाद-दोन मिलिमीटर कमी खोल ठेवतात, कारण दगड परत लावता येत नाही. चौकट किंचित हलली किंवा ठोकळ्याखालची पाचर दबली की पुढचे सगळे बिंदू एकाच बाजूला चुकतात, आणि ते उशिरा कळतं. याहून मोठा घात दगडातल्या शिरेचा. बाहेरून पांढराशुभ्र असलेल्या ठोकळ्यात ऐन गालावर काळी रेघ निघते आणि झालेलं सगळं काम टाकून द्यावं लागतं. म्हणून पॉवर्स इटलीतल्या सेरावेझाचा दगड फार पारखून घ्यायचा.

हॉस्मरला या रीतीचा वेगळाच त्रास झाला. तिची झेनोबिया राणीची मूर्ती १८६२ साली लंडनला मांडली, त्यानंतर हे काम तिचं नाहीच, पुरुष कारागिरांचं, असं छापून आलं. पुरुष शिल्पकारही त्याच कारागिरांकडून काम करून घेत होते, त्यांना कोणी विचारलं नाही. गोष्ट बदनामीच्या दाव्यापर्यंत गेली. १८६४ च्या डिसेंबरात तिने बॉस्टनच्या अटलांटिक मासिकात लेख लिहून शिल्पकार काय करतो आणि कारागीर काय करतो हे पायरीपायरीने मांडलं. मला हा लेख तिच्या मूर्तींइतकाच मोलाचा वाटतो. एडमोनिया लुईसचे वडील कृष्णवर्णीय, आई ओजिब्वे या अमेरिकेतल्या मूळनिवासी जमातीची. तिच्यावर तर संशय घ्यायला लोक टपलेलेच होते, म्हणून ती शक्यतो मदतनीस न घेता स्वतः दगड घडवायची. तिची १८७६ ची क्लिओपात्रा नंतर शिकागोजवळ शर्यतीच्या एका घोड्याच्या थडग्यावर उघड्यावर पडून होती. आता ती स्मिथसोनियनमध्ये आहे.

पण या सगळ्यांत मला फिलिप रीडबद्दल सांगायचं आहे. कॅपिटॉल म्हणजे अमेरिकेच्या संसदेची इमारत; तिच्या घुमटावरची ‘फ्रीडम’ ही मूर्ती थॉमस क्रॉफर्डने रोममध्ये घडवली आणि १८५७ साली तो वारला. प्लास्टर पाच भागांत, वाटेत गळकं जहाज बदलून, १८५९ साली वॉशिंग्टनला पोहोचलं. एका इटालियन कारागिराने ते जोडून सांधे प्लास्टरने लिंपले. ओतकामासाठी हलवायची वेळ आली तेव्हा जास्त पैसे मिळाल्याशिवाय सांधे दाखवणार नाही, असं तो म्हणाला. ओतशाळा क्लार्क मिल्सची होती आणि रीड त्याचा गुलाम, १२०० डॉलरला विकत घेतलेला. रीडने डोक्यावरच्या लोखंडी कडीला कप्पी-दोर लावून मूर्ती अगदी हळू वर ताणली. वजन सुटलं तसे सांधे केसाएवढ्या भेगांनी उघडे पडले. आतले बोल्ट सापडले, भाग सुटे झाले. साडेएकोणीस फूट उंचीचा, जवळजवळ सात टनांचा पुतळा मग ब्राँझमध्ये ओतला गेला. साच्याखालची भट्टी रविवारीही पेटती ठेवावी लागे. त्या कामाचे दर रविवारी सव्वा डॉलर रीडच्या स्वतःच्या हातात पडत, बाकी सहा दिवसांचे मिल्सच्या. १८६२ च्या एप्रिलमध्ये तो कायद्याने मुक्त झाला. पुतळा घुमटावर पूर्ण उभा राहिला २ डिसेंबर १८६३ ला. ते प्लास्टर आज कॅपिटॉलच्या अभ्यागत केंद्रात बघायला मिळतं.

मंडळांच्या मोठ्या मूर्ती तू भागांत करतोस, तेव्हा वरची कडी सांगाड्यालाच जोडून घे आणि सांधे कुठे आहेत ते कागदावर काढून मूर्तीबरोबर पाठव. रंगीत थराचा साचाही आधी एखाद्या हाताच्या पंजावर करून बघ. पहिल्या थरात थोडी नीळ पुरेल.

दादा-वहिनींना नमस्कार सांग.

तुझा,
काका