आई-बाबा, आधी सही केली, मग लिहितेय

प्रिय आई, बाबा,

फोनवर मी एवढंच म्हणाले की नवी नोकरी लागली, काम प्रयोगशाळेतलं आहे आणि राहायला क्वार्टर मिळालं आहे. प्रयोगशाळा कसली, ते सांगायचा धीर झाला नाही. अणुवीज केंद्राच्या आसपासची हवा, पाणी, माती तपासणारी प्रयोगशाळा आहे ही. रुजू होऊन आठ दिवस झाले. आधी बोलले असते तर आई, तू रात्रभर जागली असतीस. बाबा, तुम्ही काही न बोलता बाहेर जाऊन बसला असतात आणि तुमची ती पाठमोरी मान बघून मी नकार कळवून टाकला असता. म्हणून आधी सही केली. उशिरा सांगितलं, हे माझं चुकलं. निर्णय चुकला असं मात्र वाटत नाही, आणि का ते सगळं लिहिणार आहे. कंटाळू नका.

आधी आईचे प्रश्न. खोलीला पूर्वेची खिडकी आहे, सकाळी ऊन थेट पलंगावर येतं. गादी कडक आहे, म्हणजे पाठीचं तू काही बोलायला नको. दोन्ही वेळचं जेवण वेळेवर मिळतं आणि मी ते वेळेवर जेवते, खरंच. कामावर छातीशी टीएलडी बॅज, म्हणजे अंगावर पडलेला किरणोत्सार मोजणारा बिल्ला, लावावा लागतो. त्यातल्या चकत्या नंतर तापवल्या की प्रकाश देतात आणि त्यावरून मला किती मात्रा मिळाली ते कळतं. ही मात्रा मिलिसिव्हर्टमध्ये मोजतात. कामगारांसाठी मर्यादा वर्षाला सरासरी २० मिलिसिव्हर्टची आहे, सामान्य माणसांसाठी १ ची. कुठल्याही केंद्राजवळ न जाता, नुसतं या पृथ्वीवर राहून, जमिनीतून, आकाशातून आणि श्वासातल्या रेडॉन वायूमधून माणसाला जगभरात वर्षाला सरासरी २.४ मिलिसिव्हर्ट मिळतातच. आणि माझं टेबल अणुभट्टीच्या आत नाही गं, बाहेर आहे. हे वाक्य तू दोनदा वाच.

बाबा, तुम्ही १९८६ सालची कात्रणं अजून ट्रंकेत ठेवली आहेत, मला माहीत आहे. चेर्नोबिल घडलंच नाही असं मी म्हणणार नाही. २६ एप्रिलला भट्टी फुटली, किरणोत्सारी आयोडीन-१३१ वाऱ्याबरोबर पसरलं, गवतावर बसलं, गाईंनी ते गवत खाल्लं आणि दुधातून ते मुलांच्या गळ्यातल्या थायरॉइड ग्रंथीत जाऊन साठलं. पुढे हजारो मुलांना तिथला कर्करोग झाला. मला सगळ्यात जास्त छळते ती गोष्ट वेगळीच आहे. आयोडीन-१३१ दर आठ दिवसांनी निम्मं होतं. काही आठवडे ते दूध मुलांना दिलं नसतं, तर त्यातली कितीतरी मुलं या आजारापासून वाचली असती. तिथल्या आयांना कुणी वेळेवर सांगितलंच नाही. तिथेच पसरलेलं दुसरं किरणोत्सारी द्रव्य, सीझियम-१३७, निम्मं व्हायला तीस वर्षं लागतात, म्हणून चेर्नोबिलजवळचं प्रिप्यात शहर आजही ओस आहे.

म्हणून माझं पहिलंच काम दुधाचं आहे, हे कळल्यावर मला भरून आलं. गावागावांतून दुधाचे नमुने येतात. ते एका खास भांड्यात ओतून शिशाच्या जाड भिंतींच्या पेटीत, डिटेक्टरवर टोपीसारखं बसवायचं आणि झाकण लावून तासन्‌तास मोजत ठेवायचं. पडद्यावर हळूहळू सुळके उगवतात, प्रत्येक किरणोत्सारी द्रव्याचा त्याच्या किरणांच्या ऊर्जेच्या ठरलेल्या आकड्यावर. १४६० च्या जवळचा सुळका दरवेळी येतो. तो पोटॅशियम-४० चा. ते दुधात निसर्गाचंच असतं, आपल्या शरीरातही असतं. मी बघते ती ३६४ ची जागा, आयोडीनची, आणि ६६२ ची, सीझियमची. परवा ३६४ ची जागा सपाट राहिली तेव्हा मी कितीतरी वेळ तिच्याकडे बघत बसले होते.

मी काही झाकून ठेवत नाही, बाबा. अणुवीज म्हणजे अगदी निर्मळ, असं कुणी म्हणालं तर मी वाद घालते. भट्टीतल्या उष्णतेपैकी जेमतेम एक तृतीयांशाची वीज होते, बाकीची पाण्यात नाहीतर हवेत सोडावी लागते. थंडाव्यासाठी पाणी आत ओढताना माशांची अंडी, पिल्लं त्याबरोबर ओढली जातात आणि बाहेर पडणाऱ्या कोमट पाण्यात सगळेच जीव टिकत नाहीत. २०२२ च्या उन्हाळ्यात फ्रान्समधल्या नद्या इतक्या तापल्या होत्या की तिथल्या काही केंद्रांना वीजनिर्मिती कमी करावी लागली. ट्रिटियम, म्हणजे किरणोत्सारी हायड्रोजन, तर पाण्याचाच भाग होऊन बसतं, गाळून निघत नाही. फुकुशिमाचं प्रक्रिया केलेलं पाणी २०२३ पासून समुद्रात सोडतात, त्याची एवढी चर्चा झाली ती त्यामुळेच. पण माझ्या मते सगळ्यात खोल जखम युरेनियमच्या खाणींपाशी आहे. युरेनियम काढून घेतलं तरी खनिजातली बरीचशी किरणोत्सारिता मागे उरलेल्या गाळातच राहते. त्यातून रेडॉन निघत राहतो, आणि बांध फुटला तर सगळं नदीत. वीज एकीकडे वापरायची आणि गाळ दुसऱ्यांच्या उंबऱ्याशी ठेवायचा, हा अन्याय आहे आणि मी तो अन्यायच म्हणते.

राहिलं वापरलेलं इंधन. त्यातलं प्लुटोनियम-२३९ निम्मं व्हायलाच २४,१०० वर्षं लागतात. फिनलंडमध्ये ओंकालो इथे जमिनीखाली चारशेहून अधिक मीटर खोल खडकात, तांब्याच्या डब्यांत, भोवती चिकणमाती भरून ते पुरायची व्यवस्था केली आहे. बाकी जगात बहुतेक ठिकाणी ते अजून पाण्याच्या टाक्यांत आणि पोलादी पिंपांत वाट बघत बसलं आहे.

मग तरी तिथे का गेलीस, असं तुम्ही म्हणाल. कोळशाचं नाव निघालं की मला दादाचा तो हिवाळा आठवतो. आई त्याला मांडीवर उभा धरून बसायची, मी पंख्यासारखी वही हलवायची आणि बाबा, तुम्ही त्याचे श्वास मोजायचात. कोळशाच्या एक युनिट विजेमागे साधारण ८२० ग्रॅम कार्बन डायऑक्साइड जातो, अणुविजेमागे खाणीपासून सगळं धरून १२ च्या आसपास. धूर आणि राख वेगळीच. हे मी तराजूत टाकते तेव्हा माझं पारडं झुकतं. तुमचं झुकलं नाही तर मला वाईट वाटणार नाही. फक्त माझ्याशी बोलणं बंद करू नका.

आणि दुसरं कारण तुम्हीच आहात, बाबा. विहिरीच्या पाण्याच्या बाटल्या तपासून घ्यायला तुम्ही घातलेले हेलपाटे मी विसरले नाही. तुमचं बोट धरून मीही यायचे आणि परतताना तुम्ही मला खांद्यावर घ्यायचात. अहवाल कधी आलाच नाही. मोजणारा माणूस तिथे होता की नाही, तेही कळलं नाही. इथे ते टेबल माझं आहे. माझ्या नमुन्याचा आकडा, चांगला असो की वाईट, नोंदवहीत जाणार. दडपायला कुणी सांगितलं तर मी सही करणार नाही, हे तुम्हाला वचन.

आता ऐका. बाबा, रक्तदाबाची गोळी सकाळी आणि आकडा रोजच्या रोज वहीत. आठवड्याचे आकडे एकदम लिहिलेले मला शाईवरून कळतात. आई, गुडघ्याचे व्यायाम भिंत धरूनच करायचे आणि मोतीबिंदूची तारीख आता पुढे ढकलायची नाही. मी चार दिवस सुट्टी टाकली आहे, येतेच आहे. रात्री दिवा लावल्याशिवाय मोरीकडे जायचं नाही, दोघांनीही. रागावून सांगत नाहीये. इथे संध्याकाळी खिडकी लावताना रोज तुमच्या घराच्या कड्या डोळ्यांपुढे येतात.

तुमची,
चिमणी

ता. क. बाबा, बाटल्यांच्या तारखा लिहिलेली ती निळी वही सापडली तर काढून ठेवा. मोतीबिंदूच्या वेळी येईन तेव्हा घेऊन जाईन.